बाबूराव मेस्त्रींचा कॅमेरा

कोल्हापूरच्या सिनेमाचा विषय निघाला की माणसं शांतारामबापूंपासून सुरुवात करतात, फार तर भालजींपासून. माझी सुरुवात गेली कित्येक वर्षं एकाच वस्तूपाशी होते. ती वस्तू म्हणजे १९१८ साली याच गावात तयार झालेला सिनेमाचा कॅमेरा. बाबूराव पेंटर यांना लोक चित्रकार म्हणून ओळखतात, दिग्दर्शक म्हणून मानतात. माझ्या मते ते आधी मेस्त्री होते आणि त्यांचं सगळं मोठेपण तिथूनच आलं.

चरित्राचा भाग थोडक्यात सांगतो. जन्म १८९०चा, मूळ नाव बाबूराव कृष्णराव मेस्त्री. वडिलांच्या हातात कला होती आणि कारागिरीही. नात्याने भाऊ असलेल्या आनंदरावांबरोबर त्यांनी नाटक कंपन्यांचे पडदे रंगवले आणि त्यावर नाव कमावलं. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली आला आणि दोघांनाही सिनेमाचं वेड लागलं. १९१६ साली आनंदराव गेले. बाबूराव थांबले नाहीत.

आता माझ्या आवडीच्या जागी येतो. फाळक्यांनी १९१२ साली लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणला होता, सोबत फिल्मला भोकं पाडायचं यंत्रही. बाबूरावांनी प्रोजेक्टर मिळवला, तो कसा चालतो ते पाहिलं आणि विष्णुपंत दामल्यांना हाताशी धरून स्वतःचाच कॅमेरा घडवायला घेतला. यात अवघड काय होतं, ते समजून घेतल्याशिवाय या माणसाची थोरवी कळत नाही. फिल्मची पट्टी ३५ मिलिमीटर रुंद. एका चित्रामागे दोन्ही कडांना चार-चार भोकं, एका फुटात सोळा चित्रं. कॅमेऱ्याचा दांडा सेकंदाला दोन फेऱ्या या गतीने फिरवायचा, म्हणजे सेकंदाला साधारण सोळा चित्रं उमटतात. प्रत्येक चित्रासाठी पट्टी पूर्ण थांबली पाहिजे. झडप उघडली पाहिजे, मिटली पाहिजे, आणि ती मिटलेली असतानाच आकड्याने पट्टी एकोणीस मिलिमीटर पुढे ओढली पाहिजे. शिलाई मशिनचे दाते कापड थांबत थांबत सरकवतात, तशीच ही चाल. फरक चुकीला असलेल्या माफीचा. इंचभर रुंदीचं चित्र पंधरा फुटी पडद्यावर जवळजवळ १८० पट मोठं होतं. पट्टी एक दशांश मिलिमीटरने इकडेतिकडे झाली, तर पडद्यावरचा राजा पावणेदोन सेंटिमीटर थरथरतो. ही अचूकता लेथ, कानस आणि डोळा यांच्या भरवशावर साधायची होती. आज कोल्हापूरच्या उद्यमनगरात एखाद्या कारागिराला नमुना हातात घेऊन त्यावरून बोट फिरवताना पाहतो, तेव्हा मला ही परंपरा कुठून आली हे सांगायची गरज वाटत नाही.

कॅमेरा झाला, गायिका तानीबाई कागलकरांनी पैशाचा हात दिला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. १९२०चा ‘सैरंध्री’ पुण्याच्या आर्यन थिएटरात लागला. त्यातला कीचकवध लोकांना इतका खरा वाटला की प्रेक्षक हादरले, पुढे तो प्रसंग कापावा लागला. दांडा थांबवायचा, नटाच्या जागी पुतळा ठेवायचा, पुन्हा फिरवायला लागायचं, ही युक्ती जगभर चालत होती. पण तो पुतळा शिल्पकाराच्या हातचा असेल आणि यंत्र स्वतः घडवलेलं असेल, तर जादूत फट राहात नाही. लोकमान्यांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हटलं, ते या चित्रपटानंतर.

पुढेही हीच वृत्ती दिसते. सपाट रंगवलेल्या पडद्यांऐवजी त्यांनी घनाकार देखावे उभे केले. चित्रीकरणाआधी पोशाख आणि दृश्यं कागदावर रेखाटली. ‘सिंहगड’मध्ये (१९२३) रात्रीच्या प्रसंगांसाठी कृत्रिम प्रकाश वापरला. ‘कल्याण खजिना’चं पोस्टर आज भारतातल्या सर्वांत जुन्या उपलब्ध पोस्टरांत गणलं जातं. देवदेवतांची चलती असताना १९२५ साली त्यांनी ‘सावकारी पाश’ काढला, सावकाराने नागवलेल्या शेतकऱ्याची गोष्ट. माझ्या मते त्यांच्या चित्रपटांत हाच सर्वांत धाडसी. तरुण शांतारामांनी त्यात शेतकरी रंगवला.

या कंपनीत शिकलेले दामले, फत्तेलाल, शांताराम आणि धायबर १९२९ साली बाहेर पडले आणि त्यांनी प्रभात काढली. दामले-फत्तेलालांच्या ‘संत तुकाराम’ने १९३७ साली व्हेनिसला दाद मिळवली. त्यातलं वैकुंठगमन पाहताना मला कॅमेरा जुळवत बसलेले तरुण दामलेच आठवतात. महाराष्ट्र फिल्म कंपनी पुढे बंद पडली. बाबूराव चित्र-शिल्पांकडे वळले, अधूनमधून बोलपटही केले आणि १९५४ साली गेले.

खरी कॉर्नरला कॅमेऱ्याचा मानस्तंभ आहे, कंपनीच्या स्थापनादिनी तिथे पूजन होतं. मी कोल्हापुरात आलेल्या पाहुण्यांना अंबाबाईच्या दर्शनानंतर तिथेच नेतो. स्तंभ आहे, पण चित्रपट जवळपास सगळे गेले. नायट्रेटची फिल्म चटकन पेट घेते, जपली नाही तर भुकटी होते. ‘मुरलीवाला’, ‘सती सावित्री’ यांचे काही तुकडेच उरले आहेत. म्हणून कोल्हापूरच्या जुन्या घरांना माझी कळकळीची विनंती आहे: माळ्यावर गंजलेला फिल्मचा डबा, जाहिरात, पुस्तिका किंवा हिशेबाची वही सापडली, तर रद्दीत घालू नका. डबा घरी उघडूही नका, तो उन्हापासून आणि विस्तवापासून दूर ठेवा आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा.