खिडकीतला खेळ

काचेमागचं जग : भाग ९

दिवाळीच्या सुट्टीत भाचा आला होता. नववीतला पोरगा, त्यामुळे मामाच्या कॉम्प्युटरकडे तो दयेनंच बघतो. दुपारी मी जुना 'एज ऑफ एम्पायर्स २' लावून बसलो होतो. पडद्याच्या डाव्या अंगाला गेम, उजव्या अंगाला सोसायटीच्या हिशेबाची एक्सेल शीट. दोन मिनिटं मागे उभं राहून तो म्हणाला, "मामा, एवढ्याशा डबीत काय खेळतोस? फुल स्क्रीन कर ना. फ्रेम्सपण वाढतील."

डबीचं मी मनावर घेतलं नाही. फ्रेम्सचं, म्हणजे सेकंदाला गेम किती चित्रं दाखवतो त्याचं, मात्र डोक्यात राहिलं, कारण विसाव्या वर्षी मीही हेच सांगत फिरायचो आणि तेव्हा ते खरं होतं. आज बहुतेक वेळा नाही. त्यातून गंमत अशी की, तो ज्याला फुल स्क्रीन म्हणतो तीही बऱ्याचदा खिडकीच असते. फक्त चौकट काढलेली. पडदा सेकंदाला ६० वेळा चित्र कसा बदलतो, ते मागच्या भागात पाहिलं. ते चित्र पडद्यावर मांडायचा हक्क कुणाचा, हा आजचा विषय.

डॉसच्या काळात हा प्रश्नच नव्हता. एका वेळी एकच प्रोग्राम चालायचा आणि सगळं यंत्र त्याचं. १९८७ साली आयबीएमचं व्हीजीए आलं. त्यातला गेमवाल्यांचा लाडका मोड म्हणजे आडवे ३२०, उभे २०० ठिपके आणि २५६ रंग. एकूण ६४,००० ठिपके, प्रत्येकाला एक बाइट. मेमरीच्या ६५,५३६ बाइटांच्या एका कप्प्यात अख्खा पडदा मावायचा. गेमनं त्या कप्प्यात थेट आकडा लिहिला की काचेवर ठिपका उमटला. मध्ये दलाल नाही.

विंडोज आलं आणि पडदा सामाईक झाला. १९९० च्या विंडोज ३.० मध्ये सॉलिटेअर होता, १९९२ च्या ३.१ मध्ये माइनस्वीपर आला. आपल्याकडे निम्म्या कचेऱ्या माऊस धरायला त्या पत्त्यांवरच शिकल्या. हे दोन्ही खेळ खिडकीतलेच. साहेब येताना दिसले की खिडकी खाली करायची आणि पत्र टाइप करायला लागायचं. पण धावणारे, उडणारे, गोळ्या झाडणारे गेम विंडोजच्या वाटेला जात नव्हते. पडद्याच्या मेमरीला थेट हात लावू देत नाही म्हटल्यावर ते डॉसमध्येच राहिले. मायक्रोसॉफ्टला ते सलत होतं. 'डूम' विंडोजवर आणण्याचं काम त्यांनी आपल्याच लोकांकडून करून घेतलं. त्याचं नेतृत्व केलं गेब न्यूवेल यांनी, ज्यांनी पुढे 'हाफ-लाइफ' काढणारी व्हॉल्व्ह कंपनी उभी केली. १९९५ च्या सप्टेंबरात डायरेक्टएक्स बाहेर आलं आणि गेमला पडदा मागून घेण्याची अधिकृत सोय झाली.

त्या सोयीचं नाव मोठं मासलेवाईक आहे. गेमनं आधी आपली 'कोऑपरेटिव्ह लेव्हल', म्हणजे सहकार्याची पातळी, कळवायची. आणि जवळजवळ प्रत्येक गेम तिथे 'एक्स्क्लुझिव्ह' कळवायचा. सहकाराच्या नावानं सगळं एकट्याला. सहकारी संस्थांच्या महाराष्ट्रात यावर जास्त बोलायला नको.

एकट्यानं पडदा घेण्यात फायदा काय, हे पंगतीच्या हिशेबानं लगेच कळतं. पाहुण्यापुढे एक ताट आहे, आत दुसरं भरून होतंय. भरलं की पुढचं उचलायचं आणि आतलं ठेवायचं. पाहुण्याला अर्धवट वाढलेलं ताट कधी दिसतच नाही. फुल स्क्रीनमध्ये गेम हेच करतो. दोन चित्रं ठेवतो, एक दाखवतो, दुसरं रंगवतो आणि झालं की अदलाबदल. एकही ठिपका इकडून तिकडे हलवावा लागत नाही. खिडकीत मात्र ताट एकट्याचं नसतं. त्यात टास्कबार आहे, घड्याळ आहे, शेजारी एक्सेल आहे. ताट बदलता येत नाही म्हणून प्रत्येक वेळी आपला पदार्थ त्याच्या कोपऱ्यात ओतावा लागतो, म्हणजे चित्राची नक्कल करावी लागते. १०२४ बाय ७६८ चं एक चित्र साधारण ३ एमबीचं. सेकंदाला ६० म्हटलं तर १८० एमबीची नुसती वाहतूक. २००० सालच्या कार्डाला हे ओझं जाणवायचं. म्हणून फुल स्क्रीनला फ्रेम्स जास्त. आमच्या पिढीचं हे ज्ञान तिथलं.

पण एकट्याच्या मालकीची किंमतही होती. कॉलेजात असताना आम्ही कॅफेत 'काउंटर-स्ट्राइक' खेळायला जायचो, तासाला वीस रुपये. पाच मिनिटं उरली की कॅफेवाल्याच्या टायमरची पाटी उसळी मारून वर यायची आणि त्याच क्षणी गेम खाली टास्कबारवर. मॉनिटर 'टक्' करायचा, दोन सेकंद काळा व्हायचा. परत येईपर्यंत आपला मुडदा पडलेला असायचा. कधी गेमच परत यायचा नाही. नशीब आणखी वाईट असलं तर गेम मेल्यावर डेस्कटॉप ६४० बाय ४८० लाच अडकायचा आणि सगळे आयकॉन भ्यालेल्या मेंढरांसारखे एका कोपऱ्यात.

याचं कारणही मालकीतच आहे. डायरेक्टएक्समधल्या डायरेक्ट-थ्रीडीच्या ९ व्या आवृत्तीपर्यंत गेमच्या हातून पडदा गेला की ग्राफिक्स कार्डाच्या मेमरीत त्यानं भरलेला बराचसा माल बेवारस व्हायचा. प्रोग्रामरांच्या बोलीत 'डिव्हाइस लॉस्ट'. परत आल्यावर भिंती, चेहरे, बंदुका, सगळं नव्यानं भरायचं. ज्या गेममध्ये ही कसरत नीट लिहिलेली नसे तो आल्ट-टॅब दाबताच मान टाकायचा. आल्ट-टॅबला हात लावताना आपण अजून दचकतो, ते या संस्कारामुळे.

आणि रंगांचा किस्सा. १९९९ चा 'एज ऑफ एम्पायर्स २' फक्त २५६ रंगांत चालायचा. कोणते २५६, ते एका तक्त्यात लिहिलेलं. चित्रात ठिपक्यापुढे रंग नसतो, तक्त्यातला क्रमांक असतो. एक्स्क्लुझिव्ह म्हणजे तो तक्ताही गेमचा, अशी समजूत. विंडोज ७ वर हा गेम लावला की मात्र मागे बसलेला एक्सप्लोरर, म्हणजे डेस्कटॉप आणि टास्कबार चालवणारा प्रोग्राम, त्यातले काही रंग परस्पर बदलायचा. क्रमांक तेच, रंग दुसरे. गवतावर लाल ठिपके, पाणी जांभळं. यावर लोकांनी काढलेले उपाय ऐकण्यासारखे आहेत. एक, टास्क मॅनेजरमधून एक्सप्लोररच बंद करायचा, आधी घर पाडायचं आणि मग अंगणात खेळायचं. दुसरा, डेस्कटॉपवर राइट क्लिक करून 'स्क्रीन रिझोल्यूशन'ची खिडकी उघडायची, तिला काहीही न करता तशीच सोडायची आणि गेम लावायचा. पाणी निळं! दृष्ट काढल्यासारखा हा उपाय हजारो लोकांनी मुकाट्यानं केला.

तोवर खाली जमीन सरकू लागली होती. २००७ च्या जानेवारीत बाजारात आलेल्या विंडोज व्हिस्टानं एक वाढपी नेमला, 'डेस्कटॉप विंडो मॅनेजर'. प्रत्येक प्रोग्रामनं आपला पदार्थ आपल्या वाटीत काढायचा. ताट मांडायचं काम वाढप्याचं. विंडोज ७ मध्ये त्याला रजा देता येत होती, २०१२ च्या विंडोज ८ पासून तीही बंद. यात खिडकीतल्या गेमचा एक फायदा झाला. चित्र मधूनच फाटल्यासारखं दिसण्याचा प्रकार गेला, कारण वाढपी अर्धं ताट पुढे करत नाही. तोटा असा की, वाढप्याच्या हातून जाताना चित्र एखादी फ्रेम मागे पडतं, म्हणजे ६० हर्ट्झवर १६.७ मिलिसेकंद. मला ते कळत नाही. भाच्याच्या बोटांना कळत असेल, मी वाद घालणार नाही.

पुढची सुधारणा गाजावाजा न करता झाली. गेमनं वाटीतला पदार्थ ताटात ओतण्याऐवजी वाटीच वाढप्याच्या हाती द्यायची, अशी पद्धत आली. तिला 'फ्लिप मॉडेल' म्हणतात. वाटी जर ताटभर असेल, म्हणजे गेमनं सगळा पडदा व्यापला असेल, तर वाढपी बाजूला होतो आणि वाटीलाच ताट मानून थेट पुढे सरकवतो. जुन्या फुल स्क्रीनचा वेग मिळतो आणि पडद्याची मालकी विंडोजकडेच राहते. विंडोज १० तर एक्स्क्लुझिव्ह मागणाऱ्या कितीतरी गेमना 'हो, दिला पडदा' म्हणून सांगतं आणि प्रत्यक्षात अशी बिनचौकटीची खिडकी देतं. 'फुलस्क्रीन ऑप्टिमायझेशन्स' ते हेच. विंडोज ११ मध्ये सेटिंग्जमधल्या ग्राफिक्सच्या पानावर 'ऑप्टिमायझेशन्स फॉर विंडोड गेम्स' असं बटण आहे. डायरेक्टएक्स १० आणि ११ चे जे गेम खिडकीत जुन्या पद्धतीनं ओतत बसतात, त्यांना ते वाटीच्या पद्धतीवर आणतं. आणि ज्यांना ओतावं लागतंच, त्यांचंही ओझं ते काय? १९२० बाय १०८० चं चित्र सुमारे ८ एमबीचं, सेकंदाला ६० धरून ५०० एमबी. आजचं साधं गेमिंग कार्डही सेकंदाला १०० जीबीच्या वर माल हलवतं.

भाच्याला हे पटेना, म्हणून त्याच्याच लॅपटॉपवर दाखवलं. त्याचा आवडता गेम, फुल स्क्रीन. "आता आवाज वाढव." त्यानं बटण दाबलं आणि विंडोजची आवाजाची पट्टी गेमच्या अंगावर तरंगत आली. पडदा लुकलुकला नाही, काळा झाला नाही. गेम खरोखर एकटा मालक असता तर ती पट्टी वर दिसलीच नसती. तो जरा गप्प झाला.

फुल स्क्रीन अगदीच निरुपयोगी झाली, असं मात्र नाही. जुनं मशिन, जुनं विंडोज असेल तर जुना नियम लागू. इंटरनेटवर चुरशीनं गोळीबार खेळणाऱ्यांनी एका फ्रेमचा हिशेब जरूर करावा. आणि पडद्याची गती गेमच्या फ्रेम्सशी जुळवणारं एनव्हिडियाचं जी-सिंक २०१३ मध्ये जाहीर झालं तेव्हा फक्त फुल स्क्रीनमध्येच चालायचं, खिडकीसाठी ते २०१५ मध्ये आलं. तेव्हाचा सल्ला अजून लोकांच्या तोंडी आहे.

माझं मत विचाराल तर वेगळं ग्राफिक्स कार्ड नसलेल्या लॅपटॉपवर लहान खिडकीसारखं सुख नाही. १९२० बाय १०८० च्या पडद्यावर १२८० बाय ७२० ची खिडकी ठेवली तर गेमला ४४ टक्केच ठिपके रंगवावे लागतात. पंखा कमी घुरघुरतो आणि चित्र कोरीव राहतं. तेच ७२० फुल स्क्रीनवर ताणलं तर धुरकटतं. जुन्या ८०० बाय ६०० च्या गेमचं तर विचारूच नका, रुंद पडद्यावर ताणले की सगळे सरदार आडवे सुटतात.

खिडकीत आणायचं कसं? आधी आल्ट आणि एंटर एकत्र दाबून बघा, कितीतरी गेम तेवढ्यानं ऐकतात. नाही ऐकलं तर सेटिंग्जमध्ये 'विंडोड' किंवा 'बॉर्डरलेस' शोधा. 'काउंटर-स्ट्राइक' घराण्यातल्या गेमना शॉर्टकटच्या प्रॉपर्टीजमध्ये, 'टार्गेट'च्या चौकटीत, शेवटच्या अवतरण चिन्हानंतर एक स्पेस सोडून वजाचं चिन्ह आणि त्याला चिकटून इंग्रजीत 'विंडोड' लिहिलं की पुरतं. ती स्पेस विसरू नका, नाहीतर विंडोज ते स्वीकारत नाही. डॉसचे गेम डॉसबॉक्समध्ये लावा, तिथेही आल्ट-एंटर चालतं आणि खिडकीत अडकलेला माऊस कंट्रोल-एफ१० नं सुटतो. लिनक्सवर वाइन असेल तर त्याच्या सेटिंगमध्ये गेमला एक खोटा डेस्कटॉपच देता येतो. आणि ज्या हट्टी गेममध्ये खिडकीची सोयच नाही त्यांच्यासाठी डीएक्सविंड नावाचं मोफत साधन आहे. गेम पडदा मागतो, हे मध्ये उभं राहून त्याला खिडकी देतं आणि गेमला पत्ता लागत नाही. माझा 'एज' त्यावरच चालतो.

डीएक्सविंडमध्ये 'माऊस खिडकीतच ठेवा' अशा अर्थाची एक खूण करायची असते. ती मी सुरुवातीला केली नव्हती. या गेममध्ये नकाशा सरकवायला माऊस पडद्याच्या कडेला न्यावा लागतो. फुल स्क्रीनमध्ये कड म्हणजे कड. खिडकीत कड ओलांडली की पलीकडे आपली एक्सेल. शत्रू वेशीवर आलेला, मी घाईनं माऊस उजवीकडे नेऊन क्लिक केलं आणि टाउन सेंटरकडे जायला 'एच' दाबला. गेममध्ये काहीच झालं नाही. तो 'एच' तिसऱ्या मजल्यावरच्या एका फ्लॅटच्या थकबाकीच्या रकान्यात, ४,२०० या आकड्याच्या जागी जाऊन बसला होता, आणि गाव वाचवण्याच्या नादात मी फाइल तशीच सेव्ह करून पाठवून दिली.

रविवारच्या सभेत खजिनदारांनी चष्मा वर करून विचारलं, "हा एच म्हणजे काय हो?"

"होल्ड," मी म्हणालो.