घाटाच्या दोन बाजूंचा वारसा : मुंबई इलाख्यातील आरंभीचे न्यायनिर्णय, त्यांचे संग्रह आणि उत्तर कोकणातील रूढी

गोषवारा

एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात मुंबई इलाख्यातील वरिष्ठ न्यायालयांचे निर्णय ग्रंथरूपाने प्रसिद्ध होऊ लागले. हे निर्णय कोणी निवडले, कोणत्या भाषेत मांडले आणि कोणत्या ग्रंथांच्या आधारे समजून घेतले, यावर पुढील अनेक पिढ्यांचे वारसाहक्क अवलंबून राहिले. प्रस्तुत लेखात या निर्णयसंग्रहांची जडणघडण, समकालीन अमेरिकेतील तशाच प्रयत्नांशी असलेले त्यांचे साम्य व भेद आणि शहापूर-मुरबाड परिसरावर झालेला त्यांचा परिणाम स्पष्ट केला आहे.

प्रस्तावना

मुरबाडहून माळशेज घाट चढून गेले की जुन्नर तालुका लागतो. घाटाच्या दोन्ही बाजूंना भाषा एक, दैवते बहुतांशी एक, सोयरिकीही परस्परांत होतात. तरीही १९५६ पूर्वीच्या काही दशकांत निपुत्रिक मरण पावलेल्या विभक्त हिंदू खातेदाराची जमीन कोणाकडे जावी, या प्रश्नाचे उत्तर घाटाच्या खाली एक आणि घाटावर दुसरे असू शकत होते. पत्नी, संतती, आईवडील, सख्खे भाऊ, पुतणे व आजी यांपैकी कोणीही हयात नसून केवळ सख्खी बहीण आणि सावत्र भाऊ मागे राहिले असतील, तर उत्तर कोकणात बहिणीचा हक्क आधी येई, तर जुन्नरकडे सावत्र भावाचा.

हा भेद कोणत्याही विधिमंडळाने कायदा करून निर्माण केलेला नव्हता. तो न्यायालयीन निर्णयांतून आणि त्या निर्णयांच्या छापील संग्रहांतून स्थिर झाला. म्हणून या संग्रहांचा इतिहास केवळ विधिशास्त्राच्या अभ्यासकांपुरता मर्यादित राहत नाही. ग्रामीण समाजाच्या आणि विशेषतः स्त्रियांच्या मालमत्तेच्या इतिहासाचे ते एक महत्त्वाचे साधन ठरते.

निर्णयसंग्रहाचे कार्य : अमेरिकेचे उदाहरण

इंग्रजी विधिपरंपरेत वरिष्ठ न्यायालयाचा पूर्वीचा निर्णय पुढील दाव्यास मार्गदर्शक ठरतो. परंतु निर्णय मार्गदर्शक ठरण्यासाठी तो उपलब्ध असावा लागतो. न्यायाधीशांनी तोंडी सांगितलेला आणि दप्तरात पडून राहिलेला निर्णय व्यवहारतः नसल्यासारखाच असतो. त्यास विधीचे रूप देणारी व्यक्ती म्हणजे तो टिपून, निवडून प्रसिद्ध करणारा रिपोर्टर, अर्थात प्रतिवेदक.

स्वातंत्र्यानंतरच्या अमेरिकेत ही गरज तीव्रतेने जाणवली. एफ्रेम कर्बी यांनी कनेक्टिकटमधील निर्णयांचा संग्रह १७८९ मध्ये प्रसिद्ध केला. अलेक्झांडर डॅलस, विल्यम क्रँच, हेन्री व्हीटन आणि रिचर्ड पीटर्स यांनी क्रमाने सर्वोच्च न्यायालयाचे निर्णय प्रसिद्ध केले. ते संग्रह आरंभी खाजगी उपक्रमाच्या स्वरूपाचे होते आणि प्रतिवेदकाच्या नावानेच ओळखले जात. १८०१ पासून सरन्यायाधीश जॉन मार्शल यांच्या कारकिर्दीत प्रत्येक न्यायाधीशाने स्वतंत्र मत देण्याऐवजी न्यायालयाचे एकच मत देण्याची पद्धत रूढ झाली, त्यामुळे प्रतिवेदकाचे काम सुकर झाले. १८१७ मध्ये काँग्रेसने प्रतिवेदकासाठी वार्षिक १००० डॉलर वेतन मंजूर केले.

पुढे पीटर्स यांनी पूर्वीच्या प्रतिवेदकांच्या महागड्या ग्रंथांतील निर्णय संक्षिप्त व स्वस्त स्वरूपात काढले, तेव्हा व्हीटन यांनी त्यांच्यावर दावा केला. १८३४ मध्ये त्याचा निकाल लागला. न्यायालयाच्या लिखित मतांवर कोणत्याही प्रतिवेदकाचा स्वामित्वहक्क असू शकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने एकमताने ठरविले. निर्णय ही सार्वजनिक वस्तू आहे, हे तत्त्व त्यातून प्रस्थापित झाले.

मुंबईतील दोन न्यायप्रवाह

याच काळात मुंबईत न्यायाचे दोन प्रवाह समांतर वाहत होते. मुंबई बेटासाठी १७९८ च्या सनदेने रेकॉर्डरचे न्यायालय आले आणि १८२३ च्या सनदेनुसार १८२४ मध्ये त्याची जागा सर्वोच्च न्यायालयाने घेतली. ही राजाची न्यायालये होती. बेटाबाहेरील मुलखासाठी कंपनीची अदालत-व्यवस्था होती आणि तिच्या शिखरावर सदर दिवाणी अदालत होती. १८१७-१८ मध्ये पेशव्यांकडून इंग्रजांकडे आलेला उत्तर कोकण या दुसऱ्या प्रवाहात मोडत होता. त्यामुळे आजच्या शहापूर-मुरबाड भागातील मोठा दिवाणी वाद अपिलाच्या वाटेने सदर अदालतीकडे जाई, सर्वोच्च न्यायालयाकडे नव्हे.

सदर अदालतीच्या निर्णयांचा पहिला महत्त्वाचा संग्रह कंपनीचे मुलकी अधिकारी हॅरी बोराडेल यांनी सिद्ध केला. १८०० ते १८२४ या कालखंडातील दिवाणी दाव्यांचे हे दोन खंड १८२५ मध्ये मुंबईत प्रसिद्ध झाले. दख्खनचा नव्याने जिंकलेला मुलूख तेव्हा आयुक्तांच्या स्वतंत्र कारभाराखाली होता. साहजिकच या संग्रहावर गुजरातकडील दाव्यांची छाप अधिक पडली. राजाच्या न्यायालयाचे निर्णय मात्र बराच काळ विखुरलेले राहिले. मुख्य न्यायाधीशपद भूषविलेले सर अर्स्किन पेरी यांनी निवडक निर्णयांचा ग्रंथ १८५३ मध्ये लंडनमध्ये प्रसिद्ध केला. खोजा व मेमन समाजांतील वारसाविषयीचा १८४७ चा प्रसिद्ध निर्णय त्यातच आहे.

रूढीचे स्थान आणि शास्त्र्यांची उत्तरे

एल्फिन्स्टन यांच्या कारकिर्दीतील १८२७ च्या विनियमसंहितेने निर्णयाचा आधार क्रमवार सांगितला होता. चौथ्या विनियमाच्या २६ व्या कलमानुसार प्रथम पार्लमेंटचे अधिनियम व सरकारी विनियम. ते नसतील तर ज्या मुलखात दावा उद्भवला तेथील रूढी. तीही नसेल तर प्रतिवादीचा विधी. आणि यांपैकी काहीच नसेल तर न्याय, समन्याय व सद्सद्विवेक. रूढीला धर्मग्रंथांच्या आधी स्थान देणे हे मुंबई इलाख्याचे वैशिष्ट्य होते.

परंतु रूढी शोधायची कोठे? दख्खनपुरता याचा एक प्रयत्न आर्थर स्टील यांनी केला. जातिनिहाय चौकशी करून सिद्ध झालेला त्यांचा ग्रंथ १८२७ मध्ये प्रसिद्ध झाला. न्यायालयांत मात्र सोयीचा मार्ग होता तो नेमलेल्या शास्त्र्यास प्रश्न विचारण्याचा. शास्त्री ग्रंथाधार देऊन उत्तर देत, ते उत्तर भाषांतरित होई आणि निर्णयाच्या कागदपत्रांत जाई. गावात काय चालते, या प्रश्नाचे उत्तर अशा रीतीने ग्रंथात काय लिहिले आहे, या स्वरूपात मिळू लागले. रेमंड वेस्ट आणि गेऑर्ग ब्यूलर यांनी निरनिराळ्या न्यायालयांतील शास्त्र्यांची ही उत्तरे संकलित करून १८६७ आणि १८६९ मध्ये प्रसिद्ध केली. तत्पूर्वी १८६४ मध्ये न्यायालयांतील पंडित व काझी यांची पदे रद्द झाली होती. शास्त्री न्यायालयातून गेले. त्यांची उत्तरे मात्र छापील आधार म्हणून राहिली.

अमेरिकेतील आणि मुंबईतील प्रतिवेदनात मूलभूत फरक आहे तो येथे. अमेरिकेतील प्रतिवेदक न्यायाधीशांचे मत त्यांच्याच भाषेत नोंदवीत असे आणि तीच भाषा बहुतेक पक्षकारांची होती. मुंबईचा प्रतिवेदक कारभाराच्या भाषेत लिहीत होता. वादी-प्रतिवादी मराठी किंवा गुजराती, आधारग्रंथ संस्कृत आणि छापील निर्णय इंग्रजी, असा तिहेरी प्रवास त्यात होता. ज्यांच्या रूढीविषयी निर्णय झाला, त्यांना तो वाचता येत नव्हता. त्यात काही चुकीचे नोंदले गेल्यास ते दाखवून देण्याचा मार्गही त्यांच्यासाठी जवळजवळ बंद होता.

मयूखाची सीमा

बोराडेल यांचे दुसरे कार्य निर्णयसंग्रहाइतकेच परिणामकारक ठरले. नीळकंठभट्टांच्या ‘व्यवहारमयूख’ या सतराव्या शतकातील ग्रंथाचा त्यांनी केलेला इंग्रजी अनुवाद १८२७ मध्ये सुरतेस प्रसिद्ध झाला. निर्णयांचा संग्राहक आणि आधारग्रंथाचा अनुवादक एकच असल्याने संस्कृत न जाणणाऱ्या न्यायाधीशांच्या हाती दोन्ही साधने एकाच लेखणीतून आली. विश्वनाथ नारायण मंडलिक यांचा अनुवाद १८८० मध्ये आणि पां. वा. काणे यांची संपादित संहिता १९२६ मध्ये उपलब्ध झाली. तोपर्यंत अनेक प्रश्न निकाली निघाले होते.

मिताक्षरा आणि मयूख यांत वारसांच्या क्रमाविषयी काही भेद आहेत. मिताक्षरेनुसार आई वडिलांच्या आधी येते, तर मयूखानुसार वडील आईच्या आधी. मयूख आजीनंतर सख्ख्या बहिणीला स्थान देतो आणि सावत्र भावाला तिच्यामागे ठेवतो. मुंबईच्या सर्वोच्च न्यायालयाने विनायक आनंदराव विरुद्ध लक्ष्मीबाई या दाव्यात १८६१ मध्ये बहिणीचा वारसाहक्क मान्य केला आणि १८६४ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने तो निर्णय कायम केला. १८६२ मध्ये स्थापन झालेल्या उच्च न्यायालयाने पुढे सखाराम विरुद्ध सीताबाई या १८७९ च्या निर्णयात सावत्र भावापेक्षा बहिणीला अग्रक्रम दिला. गुजरात, मुंबई बेट आणि उत्तर कोकण येथे मतभेदाच्या प्रसंगी मयूख श्रेष्ठ, तर उर्वरित महाराष्ट्रात मिताक्षरा श्रेष्ठ, अशी विभागणी रूढ झाली. ही सीमा दक्षिणेस कोठवर न्यावयाची, हा प्रश्न महाडच्या एका वादात उपस्थित झाला. जानकीबाई विरुद्ध सुंद्रा या १८९० च्या निर्णयात ती चौल व नागोठणे यांच्या पलीकडे नेण्यास न्यायालयाने नकार दिला.

पूर्वेस ही सीमा व्यवहारतः सह्याद्रीच्या कड्याने आखली गेली. शहापूर आणि मुरबाड मयूखाच्या बाजूला आले, जुन्नर मिताक्षरेच्या. नीळकंठभट्टांचे घराणे मूळचे पैठणचे, म्हणजे घाटावरचे. परंतु त्यांच्या ग्रंथाला अग्रमान मिळाला तो घाटाखाली. येथे सख्ख्या बहिणीला मिळालेला लाभ खरा होता. मात्र तो येथील कुणबी, आगरी वा कोळी कुटुंबांतील प्रत्यक्ष वहिवाटीची चौकशी करून मिळालेला नव्हता, ही बाबही तितकीच खरी आहे. वेगळी रूढी असल्याचे सांगणाऱ्यास ती प्राचीन, निश्चित आणि अखंड असल्याचे सिद्ध करावे लागे. पुराव्याचा हा भार साध्या शेतकऱ्यास पेलणारा नव्हता.

अधिकृत संग्रह आणि सार्वजनिक हक्क

उच्च न्यायालयाच्या १८६२ ते १८७५ या काळातील निर्णयांचे १२ खंड निघाले. त्यानंतर १८७५ च्या १८ व्या अधिनियमान्वये ‘इंडियन लॉ रिपोर्ट्स’ ही अधिकृत मालिका १८७६ पासून सुरू झाली. सरकारी अधिकाराने प्रसिद्ध न झालेला निर्णयसंग्रह ऐकून घेण्यास न्यायालय बांधील नाही, असे या अधिनियमाने सांगितले. तरीही खाजगी प्रतिवेदन थांबले नाही. रतनलाल रणछोडदास यांच्या पुढाकाराने १८९९ मध्ये निघालेला ‘बॉम्बे लॉ रिपोर्टर’ वकिलांच्या नित्य वापरात राहिला. व्हीटन-पीटर्स वादाचा प्रतिध्वनी भारतातही उमटला. ईस्टर्न बुक कंपनी विरुद्ध मोडक या दाव्यात सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये निर्णयाची मूळ संहिता सर्वांसाठी खुली असल्याचे मान्य केले, तर संपादकाच्या स्वतंत्र बौद्धिक भरीस मर्यादित संरक्षण दिले. २०२३ पासून सर्वोच्च न्यायालयाचे अधिकृत निर्णय ई-एससीआर या संगणकीय संग्रहात विनामूल्य मिळतात आणि काही निर्णयांचे मराठी अनुवादही प्रसिद्ध होतात.

नोंदीबाहेर राहिलेली रूढी

हिंदू उत्तराधिकार अधिनियम, १९५६ याने मिताक्षरा व मयूख यांच्यातील वारसक्रमाचा भेद संपुष्टात आणला. परंतु याच अधिनियमाच्या कलम २(२) नुसार केंद्र सरकारने तशी अधिसूचना काढल्याखेरीज तो अनुसूचित जमातींना लागू होत नाही. शहापूर तालुका १९८५ च्या आदेशान्वये संपूर्णतः अनुसूचित क्षेत्रात आहे आणि मुरबाड तालुक्यातील काही गावेही त्यात येतात. महादेव कोळी, ठाकूर, वारली व कातकरी कुटुंबांच्या वारसाविषयी येथे रूढीचा प्रश्न आजही जिवंत आहे. शास्त्र्यांच्या उत्तरांत या समाजांच्या रूढींना वावच नव्हता, आणि छापील संग्रह त्यांच्याविषयी बहुधा मौन बाळगतात.

या मौनाचा अर्थ कसा लावावयाचा? राम चरण विरुद्ध सुखराम या छत्तीसगडमधील गोंड कुटुंबाच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये त्याचे एक उत्तर दिले. स्त्रीला वारसा नाकारणारी रूढी सिद्ध झालेली नसताना ती आहेच असे गृहीत धरता येणार नाही, असे सांगून न्यायालयाने न्याय, समन्याय व सद्सद्विवेक आणि समतेचे घटनात्मक तत्त्व यांचा आधार घेतला. १८२७ च्या विनियमातील अखेरचे वचन सुमारे दोनशे वर्षांनी एका आदिवासी स्त्रीच्या वारसांच्या मदतीस आले.

समारोप

निर्णयसंग्रह हा घडलेल्या न्यायाचा केवळ आरसा नसतो. काय टिकावे आणि काय विसरले जावे हेही तो ठरवितो. बोराडेल यांच्या खंडांनी दाव्यांना स्मृती दिली, पण ती स्मृती ग्रंथप्रामाण्याकडे आणि गुजरातच्या अनुभवाकडे झुकलेली होती. तिच्या आधारे आखलेल्या सीमेने घाटाखालच्या बहिणीला जमीन दिली आणि घाटावरच्या बहिणीला मागे ठेवले.

रूढीचा हक्क पूर्वी कधी सांगितला गेला व मान्य झाला याची उदाहरणे न्यायालयात पुरावा ठरतात. १८७२ च्या पुरावा अधिनियमातील कलम १३ मध्ये असलेली ही तरतूद २०२३ च्या भारतीय साक्ष्य अधिनियमानेही राखली आहे. फेरफारांच्या नोंदी, तालुका न्यायालयांतील जुने निकाल आणि वृद्ध स्त्री-पुरुषांच्या आठवणी यांचे पद्धतशीर संकलन झाल्यास छापील संग्रहांतील उणीव काही अंशी भरून निघेल. इतिहास, समाजशास्त्र, मराठी आणि अर्थशास्त्र या विभागांना एकत्रितपणे करता येण्याजोगे हे काम आहे. ते करताना शास्त्र्याला विचारलेला प्रश्न आता गावालाच, आणि गावातील स्त्रियांनाही, विचारणे अगत्याचे आहे.