खेळाच्या कॅसेटची निगा

तंजावर जिल्ह्यातील ओरत्तनाडु हे गाव कावेरीच्या त्रिभुज प्रदेशात वसलेले आहे. ऑक्टोबर ते डिसेंबर या काळात ईशान्य मोसमी पावसामुळे तेथील हवा अतिशय दमट असते. अशा हवेत हाती धरून खेळावयाच्या व्हिडिओ गेमची कार्ट्रिज विशेष जपावी लागते.

मुले हिला ‘कॅसेट’ म्हणतात. परंतु हिच्यात फीत नसते. खेळाची माहिती एका चिपमध्ये कायमची साठविलेली असते व कडेच्या धातूच्या पट्ट्यांतून ती यंत्रास मिळते. १९८९ साली निघालेल्या ‘गेमबॉय’च्या कॅसेटला अशा ३२ पट्ट्या असतात. त्यांवर मळ साचला, की खेळ सुरू होत नाही.

अशा वेळी पुष्कळ जण कॅसेटमध्ये फुंकर मारतात. खेळ सुरू झाला, तर तो फुंकरीचा गुण वाटतो. वस्तुतः कॅसेट काढून पुन्हा बसविताना पट्ट्या घासल्या जातात व संपर्क जुळतो. श्वासातील बाष्पाने मात्र धातू हळूहळू खराब होतो. त्यापेक्षा कापसाच्या बोळ्यावर थोडे आयसोप्रोपिल अल्कोहोल घेऊन पट्ट्या पुसाव्या व पूर्ण वाळू द्याव्या.

कॅसेट घालताना व काढताना यंत्र बंद असावे. एरवी राखून ठेवलेला डाव पुसला जाण्याचा संभव असतो. अनेक जुन्या कॅसेटींत हा डाव एका चपट्या बटनसेलच्या आधारे टिकतो. सेल संपला, तर खेळ शाबूत राहतो. परंतु कित्येक दिवसांच्या परिश्रमाने पुढे नेलेला डाव नाहीसा होतो.

खेळ संपल्यावर कॅसेट झाकणाच्या कोरड्या डबीत ठेवावी आणि पट्ट्यांना बोट लावू नये.