आजीची ओवी, जपून ठेवलेली

आजीचा जात्यावरचा आवाज आठवतो का हो? गिरणी आली, हातांना विसावा मिळाला (मला तरी जातं परत नको!), पण ओवी मात्र जात्याबरोबरच माळ्यावर गेली.

सगळीच नाही. पुण्याच्या हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी १९८० च्या दशकापासून गावोगावच्या बायकांच्या लाखाहून अधिक ओव्या उतरवून घेतल्या. पुढे १९९० च्या दशकात बर्नार्ड बेल यांनी त्यांतल्या काही हजार ओव्या ध्वनिमुद्रित केल्या. आपल्या परभणी जिल्ह्यातल्या ताडकळसच्या गंगूबाई अंबोरे त्यांतल्याच. सीतेचा वनवास त्यांनी असा गायला, की आपल्याच लेकीचं दुःख वाटावं. २०१७ पासून हा ठेवा ‘पारी’च्या संकेतस्थळावर येत गेला, ऐकायला पैसा पडत नाही.

एक सांगू? सासूबाईंजवळ मेथी निवडायला बसाल, तेव्हा पंखा बंद करा, फोन जवळ ठेवा, त्यांना सांगून सुरू करा. “जात्यावर काय म्हणायच्या तुम्ही, आई?” “आता कुठलं आठवतंय बाई!” म्हणतील. मग पहिली ओळ तुम्हीच म्हणा, चुकीची. दुरुस्त करता करता त्या गाऊ लागतील.