दूरस्थ शिक्षणाची पदवी आणि तिची कायदेशीर मान्यता

पुणे जिल्ह्याच्या सीमेवर घोडनदीच्या काठी शिरूर आणि भीमेच्या काठी दौंड ही दोन तालुक्याची गावे वसली आहेत. नदी ओलांडली की अहिल्यानगर, म्हणजे पूर्वीचा अहमदनगर, जिल्हा लागतो. दौंड हे रेल्वेचे मोठे जंक्शन असून तेथे राज्य राखीव पोलीस बलाचे गट आहेत. जवळच कुरकुंभची औद्योगिक वसाहत आहे. शिरूर तालुक्यात रांजणगावची वसाहत आहे. पाळीत काम करणारा कामगार, बंदोबस्तासाठी राज्यभर फिरणारा शिपाई, संसार सांभाळून पुन्हा पुस्तक हाती घेणारी गृहिणी यांना रोज महाविद्यालयात हजर राहणे शक्य होत नाही. त्यांना दूरस्थ शिक्षणावाचून दुसरा मार्ग नसतो, आणि त्यांच्याकडूनच एक प्रश्न वारंवार विचारला जातो : ‘बाहेरून घेतलेली पदवी नोकरीत चालते का?’

प्रश्न रास्त आहे. परंतु त्याची मांडणी सदोष आहे. विद्यार्थी वर्गात बसला होता की घरी, हा कायद्याच्या दृष्टीने पहिला प्रश्न नव्हे. पदवी कोणी दिली, ती देण्याचा अधिकार त्यास कोठून मिळाला आणि तो अभ्यासक्रम त्या वर्षी, त्या ठिकाणी चालविण्याची अनुमती त्यास होती काय, हे कायदा पाहतो.

विद्यापीठ अनुदान आयोग अधिनियम, 1956 च्या कलम 22 मध्ये याचे मूळ आहे. संसदेच्या अथवा राज्य विधिमंडळाच्या अधिनियमाने स्थापन झालेले विद्यापीठ, कलम 3 खालील अभिमत विद्यापीठ आणि संसदेने खास अधिकार दिलेली संस्था, एवढ्यांनाच पदवी देता येते. महाराष्ट्र लोकसेवा आयोगाच्या जाहिरातींत ‘सांविधिक विद्यापीठाची पदवी’ असे शब्द असतात. उमेदवार ते वाचून पुढे जातात. वास्तविक सर्व भार ‘सांविधिक’ या एका शब्दावर आहे.

ज्ञान आणि मान्यता या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, याचे उदाहरण पुण्यातच सापडते. महर्षी कर्वे यांनी 1916 साली महिला विद्यापीठ स्थापन केले. घरी अभ्यास करून परीक्षेस बसण्याची सोयही तेथे स्त्रियांना होती. तथापि त्या विद्यापीठासाठी कायदा झाला तो 1949 साली, आणि सांविधिक दर्जा प्रत्यक्षात लाभला 1951 मध्ये. मधल्या पस्तीस वर्षांत शिकून गेलेल्या स्त्रियांची विद्वत्ता उणी होती असे कोण म्हणेल? पण सरकारदरबारी त्या पदवीला आधार नव्हता.

पुढे मुंबई विद्यापीठाने 1971 मध्ये दूरस्थ शिक्षण सुरू केले. 1985 साली संसदेच्या अधिनियमाने इंदिरा गांधी राष्ट्रीय मुक्त विद्यापीठ आणि 1989 साली राज्य विधिमंडळाच्या अधिनियमाने नाशिकचे यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठ स्थापन झाले. केंद्र सरकारने 1 मार्च 1995 च्या अधिसूचनेने, दूरस्थ पद्धतीने मिळविलेल्या पदव्या केंद्रीय सेवेतील नोकरीसाठी आपोआप मान्य राहतील, असे जाहीर केले. या अधिसूचनेचा पूर्वार्ध पुष्कळांनी छापला आणि फलकांवर लावला. उत्तरार्धातील अट मात्र मागे राहिली : अभ्यासक्रमास दूरस्थ शिक्षण परिषदेची, आणि जेथे आवश्यक तेथे अखिल भारतीय तंत्रशिक्षण परिषदेची, मंजुरी हवी. 1991 साली इंदिरा गांधी मुक्त विद्यापीठाच्या अंतर्गत निर्माण झालेली ही दूरस्थ शिक्षण परिषद 2013 मध्ये विसर्जित झाली. तेव्हापासून हे काम विद्यापीठ अनुदान आयोगाकडे असून त्याचा दूरस्थ शिक्षण विभाग ते पाहतो.

ती अट किती जड होती, हे 3 नोव्हेंबर 2017 रोजी सर्वोच्च न्यायालयाने ओरिसा लिफ्ट इरिगेशन महामंडळाच्या प्रकरणात दिलेल्या निर्णयावरून कळते. चार अभिमत विद्यापीठांनी तंत्रशिक्षण परिषदेच्या मंजुरीवाचून दूरस्थ पद्धतीने अभियांत्रिकीच्या पदव्या दिल्या होत्या. 2001 ते 2005 या सत्रांत प्रवेश घेतलेल्यांच्या पदव्या न्यायालयाने स्थगित केल्या आणि फेरपरीक्षेची संधी दिली. त्यानंतरच्या सत्रांतील पदव्या रद्दच ठरविल्या. शुल्क परत करण्याचे आदेश झाले. पण नोकरी करीत केलेल्या अभ्यासाची वर्षे कोण परत करणार? विद्यापीठ खरे, प्रमाणपत्र खरे, विद्यार्थ्याचा अभ्यासही खरा. मंजुरी तेवढी नव्हती, आणि ती नाही हे सर्वांत शेवटी कळले ते विद्यार्थ्याला. कायद्याचा अर्थ बरोबर लागला असेल, परंतु त्याचे ओझे ज्याच्या खांद्यावर पडले तो त्या चुकीचा कर्ता नव्हता, हे नमूद केलेच पाहिजे.

तालुक्याच्या गावी याहून अधिक भेटणारा प्रकार क्षेत्राचा आहे. बसस्थानकाजवळच्या एखाद्या गाळ्यात परराज्यातील विद्यापीठाचे ‘अभ्यासकेंद्र’ उघडते, शुल्क हप्त्याने घेतले जाते, परीक्षाही तेथेच होते. राज्याच्या अधिनियमाने स्थापन झालेल्या विद्यापीठाचा अधिकार त्या राज्यापुरताच असतो. सर्वोच्च न्यायालयाने प्रा. यशपाल प्रकरणात 2005 साली हे स्पष्ट केले. आयोगाने 27 जून 2013 च्या जाहीर सूचनेत ते पुन्हा सांगितले आणि खासगी शिकवणीवर्गांना केंद्रे चालविण्यास देण्यासही मनाई केली. म्हणून विद्यापीठाचे नाव आयोगाच्या यादीत आहे एवढ्याने भागत नाही.

उलट बाजूही तितकीच निश्चित आहे. आयोगाच्या 2020 च्या विनियमांतील विनियम 22 नुसार, मान्य संस्थेने दूरस्थ अथवा ऑनलाइन पद्धतीने दिलेली पदवी व पदव्युत्तर पदवी नियमित पदवीशी समकक्ष आहे. सप्टेंबर 2022 मध्ये आयोगाने हे पुन्हा जाहीर केले. तेव्हा ‘बाहेरून केले आहे’ एवढ्याच कारणावरून एखाद्या कार्यालयाने अशी पदवी नाकारल्यास, उमेदवाराने या विनियमाचा उल्लेख करून लेखी कारण मागावे. मात्र एखाद्या पदासाठी विशिष्ट विषय वा अनुभव मागितला असेल, तर तो प्रश्न पात्रतेचा आहे, मान्यतेचा नव्हे.

काही विषय या पद्धतीला वर्ज्यच आहेत. अभियांत्रिकी, वैद्यक, परिचर्या, औषधनिर्माण, वास्तुशास्त्र, विधी, कृषी हे त्यांतील प्रमुख होत, पीएच.डी.ही या मार्गाने करता येत नाही. 2025 च्या जुलै-ऑगस्ट सत्रापासून मानसशास्त्र, सूक्ष्मजीवशास्त्र, जैवतंत्रज्ञान आणि पोषणशास्त्र यांचेही नवे प्रवेश आयोगाने थांबविले. तसेच प्रथम पदवी नसताना मुक्त पद्धतीने थेट घेतलेली एम.ए. शासकीय सेवेसाठी ग्राह्य नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने 2009 साली अण्णामलाई विद्यापीठाच्या प्रकरणात दिला आहे.

प्रवेशापूर्वी आयोगाच्या दूरस्थ शिक्षण विभागाच्या संकेतस्थळावर विद्यापीठ, अभ्यासक्रम आणि सत्र अशा तिन्ही नोंदी जुळतात का, हे पाहावे. एका सत्राची अनुमती पुढील सत्रास लागू असेलच असे नाही. सप्टेंबर 2024 च्या सत्रापासून प्रत्येक विद्यार्थ्यास त्या विभागाचा स्वतंत्र क्रमांक घ्यावा लागतो. तो आपला आपणच काढावा, केंद्रचालकावर सोपवू नये. ज्या सत्रात प्रवेश घेतला त्या सत्राच्या अनुमतीची छापील प्रत काढून गुणपत्रिकांच्या सोबत ठेवावी, कारण कागदपत्रांची पडताळणी होते ती बहुधा कित्येक वर्षांनी.