ज्वालामुखी, हिम आणि धबधबे : आइसलँडच्या दक्षिण किनाऱ्यावरील एक दिवस

आइसलँडची राजधानी रेक्याविक येथून सकाळी निघावयाचे, दक्षिण किनाऱ्याने व्हीक या गावापर्यंत जावयाचे आणि संध्याकाळी परतावयाचे, ही त्या देशातील सर्वांत लोकप्रिय सहलींपैकी एक होय. एका बाजूचे अंतर सुमारे १९० किलोमीटर भरते आणि थांबे धरून दहा-अकरा तास लागतात. एवढ्या अवधीत प्रवाशास वाफाळणारे डोंगर, गवताखाली दडलेला लाव्हा, बर्फाच्छादित ज्वालामुखी, दोन मोठे धबधबे, एक हिमनदी आणि काळ्या वाळूचा समुद्रकिनारा पाहावयास मिळतो. या सर्व गोष्टींचा परस्परांशी संबंध काय, हे मात्र गाडीच्या खिडकीतून आपोआप उमगत नाही. तो संबंध जाणून घेतल्याखेरीज या सहलीतील सौंदर्यही कळत नाही आणि तिच्यातील धोकाही कळत नाही.

ही सहल मोठ्या बसमधून करता येते, तशीच पंधरा-वीस प्रवाशांच्या लहान गाडीतूनही करता येते. लहान गाडीचे भाडे अधिक पडते. परंतु पन्नास माणसे उतरण्यास व पुन्हा चढण्यास जो वेळ जातो तो वाचतो, आणि वाटाड्याला प्रत्येक प्रवासी डोळ्यांसमोर ठेवता येतो. या दुसऱ्या सोयीचे मोल पुढे समुद्रकिनाऱ्यावर कळते. वाटाडा हाच बहुधा चालकही असतो. निघण्यापूर्वी तो हवामान खात्याचा अंदाज व रस्त्यांची स्थिती पाहतो. वाऱ्याचा जोर इतका असतो, की बेसावधपणे उघडलेले मोटारीचे दार बिजागरीतून मोडते. डिसेंबरात दिवसाचा उजेड जेमतेम चार-पाच तास टिकतो, तर जूनमध्ये रात्र अशी होतच नाही. त्यामुळे हिवाळ्यातील सहल व उन्हाळ्यातील सहल या जवळजवळ दोन निराळ्या सहली होत.

आइसलँडचे क्षेत्रफळ सुमारे १,०३,००० चौरस किलोमीटर, म्हणजे महाराष्ट्राच्या साधारण एकतृतीयांश आहे. लोकवस्ती चार लाखांच्या आत आहे. अटलांटिक महासागराच्या तळाशी उत्तर-दक्षिण पसरलेली एक प्रचंड पर्वतरांग या ठिकाणी पाण्याबाहेर आलेली आहे. येथे उत्तर अमेरिकेचा आणि युरेशियाचा असे दोन भूपट्ट वर्षाला सुमारे दोन सेंटिमीटर या गतीने एकमेकांपासून दूर सरकत आहेत. पडलेल्या भेगांतून शिलारस वर येतो आणि थिजून बेसॉल्ट नावाचा काळा खडक बनतो.

हा खडक भारतीय वाचकास अपरिचित नाही. दख्खनच्या पठाराचा काळा कातळ हाही बेसॉल्टच. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी भूपृष्ठाच्या भेगांतून लाव्ह्याचे थरावर थर पसरत गेले आणि सह्याद्रीच्या कड्यांना आज दिसते ती पायऱ्यापायऱ्यांची ठेवण लाभली. या खडकांना ‘ट्रॅप’ म्हणतात, तो शब्दही पायरी या अर्थाच्या स्कँडिनेव्हियन शब्दावरून आलेला आहे. फरक आहे तो वयाचा. आइसलँडमधील सर्वांत जुने खडकही दीड-पावणेदोन कोटी वर्षांपलीकडचे नाहीत, आणि नवे खडक तर अजूनही तयार होत आहेत. दख्खनची आग केव्हाच निवाली. भारतात आज जागृत असा एकच ज्वालामुखी आहे, तो अंदमानच्या समुद्रातील बॅरन बेटावर. रेक्याविकच्या नैर्ऋत्येस असलेल्या रेक्यानेस द्वीपकल्पात मात्र २०२१ पासून पुनःपुन्हा उद्रेक झाले आणि नोव्हेंबर २०२३ मध्ये ग्रिंडाव्हीक हे मासेमारीचे सबंध गाव एका रात्रीत रिकामे करावे लागले.

शहर सोडल्यावर रस्ता हेटलिसहेदी या पठारावर चढतो. दूरवर पांढऱ्या वाफेचे लोट दिसतात. ते येथील भूऔष्णिक वीजकेंद्राचे होत. हे केंद्र २००६ साली सुरू झाले. तेथून वीज मिळतेच, शिवाय नळांवाटे गरम पाणी राजधानीतील घरांना पुरविले जाते. पठार उतरताच व्हेरागेर्दी हे गाव लागते. तेथे जमिनीच्या उष्णतेवर काचगृहांतून टोमॅटो व फुले पिकवितात. पुढे थ्योर्सा या देशातील सर्वांत लांब नदीचे सपाट मैदान पसरलेले आहे. या हिरव्या कुरणाखाली सुमारे ८,६०० वर्षांपूर्वी वाहत आलेला लाव्हा आहे. आकाश निरभ्र असेल तर डाव्या हातास हेक्ला दिसतो. मध्ययुगीन युरोपात हे नरकाचे द्वार मानले जाई.

उजव्या हातास समुद्रात वेस्टमन बेटे दिसू लागतात, तेव्हा गाडी थोडी थांबवावी. त्यांतील हेमाए या वसलेल्या बेटावर २३ जानेवारी १९७३ च्या मध्यरात्रीनंतर गावाच्या अगदी कडेला जमीन फाटली. आदल्या दिवशीच्या वादळामुळे मासेमारीच्या नौका योगायोगाने बंदरातच होत्या. म्हणून सुमारे ५,३०० रहिवाशांपैकी बहुतेकांना त्याच रात्री मुख्य भूमीवर हलविता आले. पुढील काही महिन्यांत राखेने आणि लाव्ह्याने सुमारे चारशे घरे गिळली. लाव्हा बंदराचे तोंड बुजवू लागला, आणि बंदर गेले असते तर गावाला परतण्यासारखे काही उरले नसते. तेव्हा मोठमोठे पंप आणून समुद्राचे थंड पाणी कित्येक आठवडे लाव्ह्यावर मारण्यात आले. पुढची कड थिजली, प्रवाहाची गती मंदावली, आणि बंदर वाचले. ज्वालामुखीशी मनुष्याने दिलेल्या लढतींत इतकी चिवट लढत क्वचितच आढळते. जुलै १९७३ मध्ये उद्रेक शमला आणि बहुतेक रहिवासी यथाकाल परतले.

यानंतर रस्त्याच्या डाव्या अंगास उंच कडा सुरू होतो आणि त्यावरून सेल्यालांड्सफॉस कोसळताना दिसतो. ‘फॉस’ म्हणजे धबधबा. त्याची उंची सुमारे ६० मीटर आहे. समुद्र येथून बराच दूर असला, तरी हा कडा म्हणजे जुना समुद्रकिनाराच होय. हिमयुगाच्या अखेरीस लाटा या कड्याच्या पायथ्याशी आदळत. बर्फाचे प्रचंड ओझे वितळून गेल्यावर दबलेली भूमी हळूहळू वर उचलली गेली. हिमनद्यांच्या पुरांनी आणलेल्या वाळूगोट्यांनी पुढचा समुद्र भरून काढला. किनारा पुढे गेला, कडा मागे राहिला. वरच्या डोंगराळ प्रदेशातील नद्यांना आता समुद्राकडे जाताना या कड्यावरून उडी घ्यावी लागते. दक्षिण किनाऱ्यावर धबधब्यांची अशी रांगच आढळते, तिचे कारण हे आहे.

सेल्यालांड्सफॉसच्या मागून चालत जाता येते. कड्यात टणक लाव्ह्याच्या थरांबरोबर एक ठिसूळ तपकिरी खडकही आहे. बर्फाखाली ज्वालामुखी फुटला म्हणजे शिलारस पाण्यात एकदम थिजून त्याचा काचेसारखा चुरा होतो आणि तो चुरा पुढे घट्ट होऊन हा खडक बनतो. तुषारांनी व थंडीने ठिसूळ थर लवकर झिजतो, वरचा कठीण थर छपरासारखा पुढे राहतो आणि पाण्याच्या पडद्याआड पोकळी तयार होते. आग, बर्फ आणि समुद्र या तिघांच्या कामाचा जमाखर्च या एकाच कड्यात मांडलेला आहे. हिवाळ्यात ती वाट गोठून निसरडी होते व बंद ठेवली जाते. दोर ओलांडून जाणारे महाभाग असतातच; वाटाड्याने त्यांना आवरावे हेच इष्ट.

याच कड्याच्या वर एयाफ्यात्लायोकुत्ल उभा आहे. नावाचा अर्थ ‘बेटांसमोरच्या डोंगरावरील हिमनदी’ असा काहीसा होतो. त्याची उंची १,६५१ मीटर आहे. २० मार्च २०१० रोजी त्याच्या बाजूला एक लहान उद्रेक झाला आणि लोक तो पाहण्यास हौसेने गेले. १४ एप्रिल रोजी खुद्द शिखराखालचे मुख फुटले, तेव्हा चित्र पालटले. वितळलेल्या बर्फाच्या पाण्याशी संयोग होऊन शिलारसाची अतिसूक्ष्म राख झाली आणि वाऱ्याने ती युरोपकडे नेली. विमानांच्या इंजिनांत अशी राख वितळून चिकटते. त्यामुळे युरोपातील बरेचसे आकाश सहा दिवस बंद राहिले आणि जगभरातील सुमारे एक कोटी प्रवासी अडकून पडले. वृत्तपत्रांनी हीच बाजू रंगविली. पायथ्याच्या शेतकऱ्यांची बाजू निराळी होती. सुमारे आठशे लोकांना घरे सोडावी लागली. नदीवरील पूल वाचावा म्हणून पुराच्या पाण्याला वाट देण्यासाठी मुख्य रस्ता यंत्रांनी मुद्दाम फोडण्यात आला. भर दिवसा अंधार झाला. राखेतील फ्लोरीन गवताबरोबर पोटात गेल्यास जनावरे दगावतात, म्हणून त्यांना गोठ्यांत कोंडून ठेवावे लागले. आइसलँडच्या शेतकऱ्याच्या मनात ही भीती खोल रुजलेली आहे. १७८३ च्या लाकी उद्रेकात याच विषाने देशातील बहुसंख्य मेंढ्या मेल्या आणि पाठोपाठ आलेल्या दुष्काळात सुमारे एकपंचमांश लोक मृत्युमुखी पडले.

२०१० साली आइसलँडला सुमारे पाच लाख परदेशी प्रवासी आले होते. २०१८ साली तो आकडा २३ लाखांच्या घरात गेला. ज्या राखेने प्रवास थांबविला, तिनेच या बेटाचे नाव घरोघर पोहोचविले.

थोड्याच अंतरावर स्कोगाफॉस आहे. उंची तितकीच, परंतु रुंदी सुमारे २५ मीटर. कड्याच्या बाजूने सुमारे पाचशे पायऱ्या वर जातात. थ्रासी नावाच्या आद्य वसाहतकाराने या पाण्याआड सोन्याची पेटी लपविली आणि पुढे ती ओढून काढताना नुसती कडीच हाती आली, अशी लोककथा आहे. ती कडी म्हणून दाखविली जाणारी वस्तू जवळच्या स्कोगार संग्रहालयात आहे. हे संग्रहालय थोर्दुर टोमासॉन यांनी १९४९ मध्ये स्थापिले आणि शेतावरची जुनी अवजारे, नौका, गवताच्या छपरांची घरे जमवीत आयुष्य वेचले. २०२२ साली, वयाच्या शंभराव्या वर्षी, ते निवर्तले. एक दिवसाच्या सहलीत येथे सहसा थांबत नाहीत, ही खेदाची गोष्ट आहे. डोंगराने माणसाचे काय केले हे धबधब्यापाशी समजते. माणूस तरीही कसा राहिला, ते या संग्रहालयात समजते.

पुढे सोल्हेमायोकुत्ल ही हिमनदी लागते. तिच्यावर राखेचे काळे पट्टे आहेत. येथून जवळच्या एका गावातील शाळेच्या मुलांनी २०१० साली तिची माघार मोजण्यास आरंभ केला. प्रथम मोजणी केली तेथे आता सरोवर आहे. या हिमनदीतून निघणाऱ्या नदीला स्थानिक लोक ‘दुर्गंधी ओढा’ म्हणतात. बर्फाखालच्या उष्ण पाण्यातील गंधकाचा वास तिला येतो. तो वास एकाएकी वाढला की जाणकार सावध होतात.

रेनिसफ्यारा हा काळ्या वाळूचा किनारा बहुतेक प्रवाशांना सर्वाधिक आवडतो. वाळू काळी, कारण ती लाव्ह्याच्या चुऱ्याची आहे. कड्याला अनेककोनी खांबांची घडण आहे. लाव्हा सावकाश थंड होताना आकुंचन पावतो, तडकतो आणि असे स्तंभ बनतात. मुंबईत अंधेरीच्या गिल्बर्ट टेकडीवर हाच प्रकार पाहावयास मिळतो. समुद्रातील सुळके म्हणजे पहाटेच्या उजेडात सापडून दगड झालेले राक्षस, असे लोककथा सांगते. पण या किनाऱ्यावर पाठ समुद्राकडे करून छायाचित्र काढणे प्राणावर बेतते. दक्षिणेस अंटार्क्टिकापर्यंत फारशी भूमी आड येत नाही. लहान लहान लाटांमागून अकस्मात एक मोठी लाट दूरवर चढून येते, पायांखालची वाळू ओढून नेते आणि माणसाला परत येऊ देत नाही. येथे अनेक प्रवासी बुडाले आहेत. धोक्याची पातळी दाखविणारे दिवे २०२२ मध्ये बसविण्यात आले. तरीही ऑगस्ट २०२५ मध्ये एक परदेशी बालिका लाटेने ओढून नेली. दिवा लावता येतो, तो पाहण्याची सक्ती करता येत नाही. पंधरा माणसांच्या वाटाड्याला प्रत्येकाला नावाने हाक मारून मागे बोलाविता येते. पन्नासांच्या वाटाड्याला ते साधत नाही.

व्हीक हे सहलीचे शेवटचे ठिकाण. गावामागे मिर्डाल्सयोकुत्ल ही बर्फाची विस्तीर्ण टोपी आहे आणि तिच्याखाली काट्ला. तिचा शेवटचा मोठा उद्रेक १२ ऑक्टोबर १९१८ रोजी झाला. वितळलेल्या बर्फाचा पूर हिमखंडांसह पूर्वेकडील रेतीमैदानावर धावला. मेंढ्या गोळा करावयास गेलेले शेतकरी थोडक्यात बचावले. पुराने आणलेल्या गाळामुळे किनारा समुद्रात पुष्कळ पुढे सरकला. त्यातील बराचसा भाग लाटांनी मागाहून परत नेला. त्यापूर्वीच्या काही शतकांत काट्ला साधारणपणे ४० ते ८० वर्षांच्या अंतराने जागी होत असे. ९ जुलै २०११ रोजी बर्फाखालून आलेल्या एका पुराने मूलाक्विस्ल नदीवरील पूल वाहून नेला. आठवडाभरात तेथे तात्पुरता पूल उभा राहिला.

बर्फाभोवती भूकंपमापक व नद्यांवर पाण्याची पातळी मोजणारी यंत्रे आहेत. धोका जाणवला तर त्या टापूतील सर्व दूरध्वनींवर संदेश जातो, मग दूरध्वनी शेतकऱ्याचा असो वा प्रवाशाचा. पूर रस्त्यापर्यंत येण्यास तास-दोन तासांचाच अवधी मिळेल असे धरून तयारी केलेली आहे. व्हीकचे लाल छपराचे चर्च उंच टेकडीवर आहे आणि गावकऱ्यांनी जमावयाचे ते तेथेच. मुलांनाही ही वाट ठाऊक असते. प्रवासी चर्चचे छायाचित्र घेतात, खाली दुकानात लोकरीचे स्वेटर पाहतात. तेवढ्यात वाटाडा माणसे मोजतो, पठारावरील रस्ता मोकळा आहे ना याची पुन्हा एकदा खात्री करून घेतो आणि गाडी रेक्याविककडे वळवितो.