मागे लागणं म्हणजे प्रेम का?

आमच्या बचत गटाच्या बैठकीत हप्त्यांचा हिशेब झाला की सिनेमाचा विषय निघतोच. मागच्या वेळी ‘रांझणा’ निघाला. २०१३ सालचा, बनारसमधला. त्यातला कुंदन शाळकरी झोयाच्या मागे मागे फिरतो. ती थोबाडीत मारते, तरी पुन्हा येतो. शेवटी तिच्यासमोर मनगट कापून घेतो, तेव्हा ती विरघळते. एकजण म्हणाली, “किती जीव लावतो गं!” दुसरी म्हणाली, “माझ्या पोरीच्या मागे असा कोणी लागला, तर मी तिची शाळाच बंद करीन.”

दोघी एकाच पोराबद्दल बोलत होत्या!

असं का होतं? सिनेमा गोष्ट पोराच्या बाजूनं सांगतो. त्याचे डोळे भरलेले आपल्याला जवळून दिसतात, मागे गाणं वाजतं, मित्र धीर देतात. मुलगी घाबरून रस्ता बदलते का, रात्री तिला झोप लागते का, हे फारसं दाखवतच नाहीत. मग तिचं ‘नाही’ आपल्यालाही नखरा वाटायला लागतं. १९९३ च्या ‘डर’मध्ये तर पाठलाग करणारा खलनायकच आहे, तरी लोकांच्या लक्षात राहिला तो शाहरुख.

आपला ‘सैराट’ थोडा वेगळा. परश्याही आधी आर्चीच्या मागेच असतो, पण आर्ची स्वतःच्या मनानं पुढं येते. पळून गेल्यावरची झोपडपट्टीतली भांडणं, त्याचा संशय, त्यानं मारलेली थप्पड, हेही तो सिनेमा लपवत नाही. बाकीचे बहुतेक मांडवातच संपतात.

‘रांझणा’ आला त्याच वर्षी पाठलाग हा कायद्यानं वेगळा गुन्हा ठरला. आता तो भारतीय न्याय संहितेच्या कलम ७८ मध्ये आहे. मुलीनं स्पष्ट नकार दिल्यावरही मागे जाणं, बोलायचा पुन्हा पुन्हा प्रयत्न करणं, ती मोबाइलवर काय करते यावर पाळत ठेवणं, हे सगळं त्यात येतं. पहिल्यांदा गुन्हा सिद्ध झाला तर ३ वर्षांपर्यंत कैद आणि दंड. तातडीची मदत हवी असेल तर ११२ ला फोन करायचा.

त्या दिवशी आम्ही त्या दुसरीला विचारलं, “पोरगा मागे लागला, मग शाळा पोरीची का बंद?” ती जरा वेळ गप्प बसली. मग म्हणाली, “माझा धाकटा दहावीला आहे. तोही हेच सिनेमे बघतो. आधी त्याच्याशी बोलते.”